मार खाणारी माणसं

धान कापून बांध्या, म्हणजे भाताची शेतं, मोकळ्या झाल्या की गडचिरोलीच्या रस्त्यांवरून एक जीप फिरायला लागते. टपावर भोंगा, दोन्ही बाजूंना रंगीत फलक, आणि आत बसलेला माणूस घसा ताणून सांगत असतो, की अमुक गावात मंडईच्या जत्रेनिमित्त तीन अंकी कौटुंबिक नाटक आहे. आधी नटीचं नाव येतं, मग हिरोचं, मग खलनायकाचं, मग ज्याच्या नावावर पोरं शिट्ट्या मारतात त्या विनोदी नटाचं. तोवर जीप आमच्या गल्लीच्या टोकाला पोहोचलेली असते, आणि वळता वळता ऐकू येतं, "...आणि इतर कलाकार." काल मी वालाच्या शेंगा निवडत बसले होते. भोंगा ऐकला तशी शेंगा टाकून फाटकाशी गेले. मला इतरांची नावं ऐकायची होती. ती भोंग्यावर कधीच सांगत नाहीत हे मला पक्कं ठाऊक आहे, तरी दरवर्षी मी आपली जाऊन उभी राहते. नवरा म्हणतो, तुझं हे दर हिवाळ्याचं आहे. आहे खरं.

झाडीपट्टीत हिवाळा म्हणजे नाटक. पावसाळ्यात ज्या बांधीत गुडघाभर चिखल होता तिथलीच माती ओढून उंचवटा करतात, त्याला पडदे बांधतात, वरून दोरीनं माइक खाली सोडतात, आणि समोर सारं गाव गोधड्या, चटया, भाताच्या तणसाचे भारे घेऊन रात्रभर बसतं. दिवाळीनंतर सुरू झालेला हा उद्योग होळीला संपतो. कंपन्या बहुतेक वडसा गावच्या, नट मात्र कुठून कुठून येतात, आणि त्यातले कितीतरी जण उरलेलं वर्ष भलतंच काही करत असतात. चंद्रपूरला राहणारे माझे दयाराममामा उन्हाळ्यात रसवंती चालवायचे. चंद्रपूरचं ऊन ज्याला माहीत आहे त्याला तो धंदा समजावून सांगायला नको. पाऊस लागला की मामा चरकावर ताडपत्री टाकायचे, पावसाळाभर कुठे रंगकाम, कुठे मजुरी असं काहीतरी धकवायचे, आणि दिवाळीचा फराळ संपला की पलंगाखालची पत्र्याची पेटी ओढून नट व्हायचे.

हिरो मात्र ते कधी झाले नाहीत. हवालदार, घरगडी, हिरोइनचा दारुडा भाऊ, शेवटच्या अंकात नाडी बघून मान हलवणारा डॉक्टर, असली कामं. एकाच नाटकात पहिल्या अंकात मरायचे आणि दुसऱ्यात मिशी लावून पुन्हा यायचे. प्रेक्षकही मोठ्या मनाचे, कोणी हरकत घेत नसे. मामांची खरी ख्याती होती ती मार खाण्याची. हिरोचा राग, खलनायकाची मस्ती, सासूचा तोरा, जे काही दाखवायचं असेल ते मामांच्या गालावर दाखवलं जायचं. कंपनीवाले म्हणायचे, दयारामभाऊसारखी थापड झाडीत कोणी खात नाही.

आणि इंदूमामीनं त्यांचं नाटक पाहायचं सोडून दिलं होतं. लग्न झालं त्या वर्षी एकदा गेली होती, त्यानंतर नाही. मामा दर सीझनला विचारायचे. ती म्हणायची, "मले शिलाई आहे." शिलाई खरंच होती. दारावर 'फॉल-पिको करून मिळेल' अशी पाटी होती आणि जुन्या शहराच्या परकोटाच्या आतल्या निम्म्या बायकांच्या साड्या मामीच्या मशीनखालून जायच्या. पण मामा जेव्हा विचारायचे तेव्हा त्यांच्या आवाजात काहीतरी असायचं. बाजारातून काय आणू असं विचारल्यासारखं ते विचारत, आणि उत्तर यायच्या आत चप्पल शोधायला लागत. मी बारावीला त्यांच्याकडे राहायला होते, तेव्हा हे मी पाहिलं. एवढी साधी गोष्ट आपल्या माणसाकडून मिळू नये याचं मला फार वाईट वाटायचं, आणि त्याहून जास्त कुतूहल वाटायचं. वाईट वाटणं लपवता येतं, कुतूहल लपत नाही. मी मामीला येता-जाता छेडायची आणि ती मला अभ्यासाला बसवायची.

त्या हिवाळ्यात आमच्या घरात एक परका माणूस शिरला. अमेरिकेचा.

झालं असं, की खालच्या मजल्यावर रफीकभाईंचं रेडिओ-टीव्ही दुरुस्तीचं दुकान होतं, आणि त्यांनी नवीनच केबलचा धंदा सुरू केला होता. तारा टाकल्या, छतावर भली मोठी छत्री बसवली, आणि स्वतःचा एक चॅनल काढला. त्या चॅनलवर साड्यांच्या दुकानांच्या, ट्युशन क्लासच्या जाहिराती खालच्या पट्टीत सरकत राहायच्या. पण पट्टीच्या वर काहीतरी चालू पाहिजे. हिंदी सिनेमा संध्याकाळसाठी राखून ठेवलेला. मग दुपारी काय? रफीकभाईंना कुठल्याशा परदेशी चॅनलवर रात्रीचे जुने इंग्रजी सिनेमे लागतात असं दिसलं. काळे-पांढरे, टोपीवाले, घोडेवाले. ते त्यांनी टेपवर भरून घ्यायला सुरुवात केली आणि दुपारी लावून द्यायला लागले. चंद्रपुरात दुपारी कोण बघणार होतं? वीज असली तर आम्ही दोघी. मामी मशीन चालवता चालवता, आणि मी भौतिकशास्त्राचं पुस्तक मांडीवर उघडं ठेवून.

इंग्रजी मामीला येत नव्हतं, आणि माझं इंग्रजी पुस्तकातलं. ती माणसं बोलायला लागली की ते जागच्या जागी बसायचं. त्यामुळे आम्ही चेहरे बघायचो. आणि चेहरे बघता बघता एक दिवस मामी म्हणाली, "अवो, हा तं बँकेतला मुनीम नाई का?"

खरंच तोच होता. उंच मान, तिच्यावर ठळक घाटी, मोठे कान, आणि सतत कोणाची तरी माफी मागत असल्यासारखे डोळे. आदल्या आठवड्यात तो एका सिनेमात बँकेच्या गजांमागे बसला होता, दरोडेखोरानं त्याला थोबाडीत मारली होती आणि तो टेबलाखाली गेला होता. आता तो एका हॉटेलात ट्रे घेऊन उभा होता.

"बिचाऱ्याची नोकरी गेली वाटते," मामी म्हणाली.

तेव्हापासून तो आमचा मुनीम झाला. आम्ही त्याची वाट बघायला लागलो. हिरो कोण, हिरोइन कोण, ती शेवटी कोणाची झाली, याच्याशी आम्हाला काही देणंघेणं उरलं नाही. सिनेमा सुरू झाला की आम्ही गर्दीत, कोपऱ्यात, दारामागे शोधायचो. कधी तो तारमास्तर असायचा, कधी तुरुंगाचा शिपाई, कधी पाद्री. एका घोडेवाल्या सिनेमात तो शवपेट्या करणारा होता, आणि जिवंत हिरोकडे नजरेनंच माप घेत बघत होता. मामी त्या दिवशी मशीन थांबवून हसली. एकदा शिपाई होऊन युद्धात मेला. मामीला ते फार लागलं. दुसऱ्या दिवशी तो आगगाडीत तिकिटं तपासताना दिसला तेव्हा तिनं उघडउघड सुस्कारा सोडला. कधी कधी आठवडा आठवडा यायचाच नाही, आणि मग आम्ही दोघी त्या टोपीवाल्यांवर उगाच चिडायचो.

मजा अशी, की टेपा कशाही क्रमानं लागायच्या. त्यामुळे मुनीम सोमवारी टक्कल पडलेला म्हातारा असायचा, बुधवारी डोकंभर केस घेऊन यायचा, आणि पुढच्या आठवड्यात मधल्याच कुठल्या तरी वयाचा, थोडा सुटलेला. आपण एखाद्याला ओळखतो ते एका दिशेनं. आधी तरुण, मग पोक्त, मग म्हातारा. या माणसाचं सगळं आयुष्य पत्त्यांसारखं पिसून आमच्यासमोर टाकलेलं. मी ते लावायला बसायची. कानाजवळचे केस कोणत्या सिनेमात किती मागे गेलेत, हनुवटीखाली कातडी कधी लोंबायला लागली, गालावरची ती खळी आधी होती की नंतर आली. भौतिकशास्त्रातल्या घर्षणापेक्षा मला हे फार महत्त्वाचं वाटायचं. मामीचं मात्र सरळ होतं. जसा दिसेल तसा तो तिला त्या दिवशीचा मुनीम. "आज तब्येत बरी आहे त्याची," ती म्हणायची, आणि पुन्हा फॉल लावायला घ्यायची.

त्याचं खरं नाव कळावं म्हणून मी रफीकभाईंकडे गेले. सिनेमाच्या सुरुवातीला नाही तर शेवटी नावं असतात, एवढं मला माहीत होतं, पण आमच्या टीव्हीवर ती कधीच यायची नाहीत. सिनेमा एकदम घोड्यांपासून सुरू व्हायचा आणि चुंबनाच्या जरा आधी संपायचा. रफीकभाई तेव्हा एका रेडिओच्या पोटात हात घालून बसले होते.

"नावं मीच कापतो ना बेटा," ते म्हणाले. "नाव कोन वाचते? टेप फोकट खर्च होते."

"पण मुनिमाचं नाव कसं कळेल मग?"

"कोन मुनीम?"

मी मान लांब करून, कान पुढे ओढून दाखवलं. रफीकभाईंचे डोळे चमकले. "अच्छा, वो! अरे, तो तर हर पिक्चर में असते. मी त्याले 'पोस्टमन' म्हणतो." त्यांनी त्याला पोस्टमन झालेला पाहिलं होतं, आम्ही तो सिनेमा पाहिलाच नव्हता. मला हेवा वाटला. खालच्या मजल्यावर आणि वरच्या मजल्यावर एकाच माणसाची दोन नावं होती, आणि त्याला बिचाऱ्याला यातलं एकही माहीत नव्हतं.

अलीकडे, हातात फोन आल्यावर, मी तो शोधला. सापडायला बराच वेळ गेला, पण सापडला. चेहऱ्याशेजारी त्याचं नाव होतं, दोन शब्दांचं. मी ते वाचलं आणि मला ते दुसऱ्याच कोणाचं वाटलं. कामं भरपूर केली होती त्यानं, बहुतेक ठिकाणी पात्राला नावसुद्धा नाही. नुसतंच वेटर, नुसताच कारकून. हिरोचं एकही काम नव्हतं. जन्म होता, मृत्यू होता, बायकोबद्दल अक्षर नव्हतं. मामीनं त्या हिवाळ्यात मला एक प्रश्न विचारला होता, आणि त्याचं उत्तर मला तिथे मिळेल अशी एक वेडी आशा होती. "याची बायको जात असंल का व सिनेमा पाहाले?" असं तिनं विचारलं होतं, आणि मग माझ्याकडे न बघता दोरा तोंडात धरून ओला केला होता.

दोन नाटकांच्या मधे मामा घरी यायचे. अंगावर धुरळा, कानामागे पुसायचा राहिलेला रंग. आल्या आल्या झोपायचे. अशाच एका दुपारी ते उठून चहाचा कप घेऊन बाहेर आले आणि टीव्हीवर आमचा मुनीम स्टेशनमास्तर झाला होता. हिरो धावत आला, मुनिमानं घड्याळ बघून एक वाक्य म्हटलं. गाडी गेली, असं काहीतरी. मामा कप ओठांशी धरून थांबले.

"पाय पाह्य त्याचे," ते मला म्हणाले.

"पायात काय आहे?"

"बोलून झाल्याबरोबर जागा सोडते. पाहालं? अर्ध पाऊल मांगं. हिरोचं तोंड लोकायले उघडं केलं त्यानं." आणि चहा पिता पिता ते स्वतःशीच मान हलवत राहिले. "मस्त सोडते, बाप्पा. कोनाले समजतबी नाई."

मग त्यांनी मला सांगितलं की आपल्याकडेही असंच असतं. माइक टांगलेले असतात मोजके. ज्याचं वाक्य, तो माइकखाली. वाक्य संपलं की तिथून निघायचं, म्हणजे पुढच्याला यायला वाट मिळते. हिरोला माइक शोधावा लागत नाही, बाकीचे त्याच्यासाठी तो मोकळा करतात. "नवे पोट्टे तिथीच उभे राह्यतात गाढवावानी," मामा म्हणाले. "मंग हिरो काय त्यायच्या खांद्यावर चढून बोलंल?" मी इतकी वर्षं नाटकं बघत आले होते आणि माणसांचे पाय मी कधी पाहिलेच नव्हते. मामी मात्र मशीन जरा जोरात चालवायला लागली.

मामा गेल्यावर मी तिला पुन्हा धरलं. त्या दिवशी मुनिमाला परत मार बसला होता, या वेळी एका जाड्या बाईकडून, आणि मामीनं तो डोळे मोठे करून, पुढे वाकून पाहिला होता.

"मामी, याला मारलेलं चालतं तुला. मामांना का नाही चालत? खोटंच तर असतं."

"खोटं असते हे मलेबी मालूम आहे." तिनं मशीनखालची साडी पुढे सरकवली. "याले मारलं तं इथी कोनी हासत नाई ना. आपुन दोघीच आहो."

मग हळूहळू तिनं सांगितलं. लग्नाच्या वर्षी ती नवी साडी नेसून गेली होती. बायकांच्या बाजूला, मधोमध बसली होती. हिरोनं मामांना थापड मारली आणि सारी बांधी हसली. माणसं, बायका, पोरं. पाठीमागची एक बाई म्हणाली, अजून एक दे त्याले! मामीनं मान खाली घातली ती नाटक संपेपर्यंत वर केली नाही. "थापड खोटी असंल, पोरी. पन आवाज तं खरा होता. आन् ते हासनं, तेबी खरंच होतं." एवढं बोलून तिनं मला बाजारातून कोथिंबीर आणायला पाठवलं. घरात कोथिंबीर होती.

माघ लागला असेल, तेव्हा एका सकाळी कंपनीची जीप थेट आमच्या दारात आली. हिरोला कावीळ झाली होती. तारखा लागलेल्या, गावोगाव फलक चिकटवलेले, आणि एवढ्या घाईत अख्खं नाटक पाठ असलेला माणूस आणायचा कुठून? तो त्यांच्याकडेच होता. वर्षानुवर्षं कोपऱ्यात उभं राहून मामांना सगळ्यांची वाक्यं पाठ झाली होती, नटीचीसुद्धा. हिरो बरा होईपर्यंत हिरोचं काम दयारामभाऊंनी करायचं, असं ठरलं. जीप गेल्यावर मामा कितीतरी वेळ दारातच उभे होते. मग आत आले आणि त्या वेळी त्यांनी चप्पल शोधली नाही.

"आता तरी येशील का?" त्यांनी विचारलं.

मामीनं सुई खाली ठेवली. "हिरो मार नाई खात ना?"

"शेवटी एक गोळी लागते. पन मरत नाई."

"मंग येईन," मामी म्हणाली.

मला वाटतं मामांचं सगळं नटपण त्या एका शब्दासाठी अडून राहिलं होतं. त्यांनी दाढी दोनदा केली. उन्हानं रापलेल्या मानेला पावडर लावून ती पुसली आणि पुन्हा लावली. मी अभ्यासाचं नाव काढलं नाही आणि कोणी मला विचारलंही नाही.

मूलच्या पुढे एका गावात नाटक होतं. एसटीनं फाट्यापर्यंत आणि तिथून ट्रॅक्टरच्या ट्रॉलीत. थंडी अशी की शब्द तोंडाबाहेर पडताना दिसायचे. कापलेल्या धानाच्या खुंटांमध्ये लाखोळी डाळीची हिरवी रोपं आली होती आणि ती तुडवली जाऊ नयेत म्हणून लोक शेताच्या धुऱ्यांवरून रांगेनं चालत होते. मामीनं लग्नातली शाल घेतली होती. आम्ही बायकांच्या बाजूला बसलो, आणि मामीनं मधोमध न बसता कडेची जागा धरली. नाटकाच्या नावात कुंकू होतं. त्या काळी बहुतेकांच्या असायचं.

पडदा वर गेला आणि मामा आले. पांढरा पँट-शर्ट, गळ्यात रुमाल. खरं सांगते, छान दिसत होते. पहिलं वाक्य त्यांनी दणक्यात म्हटलं, टाळ्या पडल्या, मामीनं माझा हात दाबला. मग भावासमोरचं लांबलचक बोलणं आलं, ज्यासाठी लोक ते नाटक बघायला येतात. मामांनी पहिलं वाक्य म्हटलं आणि अर्धं पाऊल मागे सरकले. दुसरं म्हटलं, आणखी मागे. त्यांचे ओठ हलत होते, हात हलत होता, आणि आवाज मात्र पहिल्या दोन रांगांपुढे येत नव्हता. माइक रिकामा लोंबत होता. समोर भावाचं काम करणारा नट गोंधळून त्या माइककडे आणि मामांकडे बघत होता, आणि त्याच्यासाठी मामा अजून जागा करत होते. मी त्यांचे पाय पाहत होते. ते पाय त्यांचं ऐकतच नव्हते.

मागून कोणीतरी ओरडलं, "आवाज!" मग चारी बाजूंनी, "आवाज! आवाज येत नाई!" मामांना ऐकू गेलं असावं, पण ते आणखीच मागे गेले, पार पडद्यापर्यंत. शिट्ट्या सुरू झाल्या. मी डोळे मिटले. मामीनं पुन्हा मान खाली घातली असणार, आणि आता ती जन्मात नाटकाला येणार नाही, असं मला वाटलं.

तेवढ्यात माझ्या शेजारून आवाज आला, सगळ्या भोंग्यांच्या वर, "अवो, माइकपाशी उभे राहा ना जी!"

मामी उभी होती. शाल खांद्यावरून पडली होती. सारी बांधी खदखदून हसली. मामांनी वर बघितलं. कोण बोललं ते त्यांना दिसणं शक्य नव्हतं, समोर दिवे होते, पण आवाज कोणाचा ते कळायला दिवे लागत नाहीत. ते मुकाट्यानं माइकखाली आले आणि पुढचं सगळं बोलणं तिथून हलले नाहीत. नाटक धकलं. गोळी लागली, मेले नाहीत.

घरी येऊन चूल पेटवताना मामी म्हणाली, "हिरोचं काम तुमाले शोभत नाई."

मामा हसले, पण ते हसणं मला नीट वाटलं नाही. "काऊन?"

"पाहुण्यावानी उभे होते तुमी तिथी. दुसऱ्याच्या घरी उभे राह्यतात तसे." फुंकणीनं फुंकून तिचे डोळे लाल झाले होते. "अन् माह्यासाठी उभे होते. ते मले समजलं."

मामांनी कपडे बदलले आणि झोपले. पुढचे काही प्रयोग त्यांनी केले, ऐकायला आलं की बरे केले, माइकही धरून ठेवला. मामी काही गेली नाही. मग हिरोची कावीळ उतरली, आणि मामा परत हवालदार, गडी, दारुडा भाऊ झाले. एवढ्या वर्षांनी हातात आलेली एक गोष्ट आली तशी गेली, असं मला वाटत होतं. दुपारी मुनीम यायचा, पण माझं लक्ष लागत नव्हतं. एखाद्याला अर्धं पाऊल मागे सरकण्यातच सुख कसं असू शकेल, हे मला त्या वयात कळत नव्हतं. आता कळतं असंही नाही. पण त्या प्रश्नाकडे बघायला मला अजून आवडतं.

होळी तोंडावर आली, सीझनचे शेवटचे प्रयोग उरले. माझी परीक्षा सुरू झाली होती आणि दोन पेपरांमध्ये मोठी सुट्टी होती. मामा पेटी भरत होते. त्यांनी काही विचारलं नव्हतं. मामीच म्हणाली, "आज आमी दोघी येऊन राह्यलो."

"आज तं मी गडी आहो," मामा घाईनं म्हणाले. "आज मार आहे."

"मालूम आहे."

या वेळी ती अगदी पुढे बसली, उंचवट्याला लागून, लहान पोरं बसतात तिथे. मी तिच्या मागे. मामा खांद्यावर फडकं टाकून आले, वाकून, मान पुढे काढून, आणि आल्याबरोबर लोक हसायला लागले. ते तिथे घरच्यासारखे वावरत होते. मालक झालेल्या हिरोचं बोलणं झालं, मामांनी एक उलट उत्तर दिलं आणि बरोबर माइकखाली येऊन थांबले. हिरोनं हात उगारला. खाड्कन आवाज झाला, मामा दोन गिरक्या घेऊन पडले आणि बांधी फुटली. लोक एकमेकांच्या अंगावर पडून हसत होते. मी मामीकडे बघितलं. तिची मान खाली नव्हती. ती त्यांच्या गालाकडेही बघत नव्हती, ती त्यांच्या हातांकडे बघत होती.

"तुले दिसलं?" तिनं वळून मला विचारलं. हसण्याच्या गदारोळात तिला ओरडावं लागलं. "थापड तेच वाजवतात! आपल्याच हातानं!"

मला दिसलं नव्हतं. पुढच्या अंकात पुन्हा मार होता, तेव्हा मी डोळे फाडून बसले. हिरोचा हात गालाच्या पुढून नुसता जातो, गालाला शिवतही नाही. त्याच क्षणी मामा मान फिरवतात आणि कमरेपाशी, फडक्याच्या आडोशाला, दोन्ही तळवे एकमेकांवर आपटतात. माइक तो आवाज उचलतो आणि मग सारं गाव हसतं. लग्नाच्या वर्षी मान खाली घालून मामीनं जो आवाज ऐकला होता, आणि ज्यामुळे ती पुन्हा आली नव्हती, तो तिच्या नवऱ्यानंच वाजवलेला होता. पाठीमागे कोणीतरी म्हणालं, "अजून एक दे!" आणि मामीनं मागे वळून त्या माणसाला सांगितलं, "थांब ना गा, देतात ते."

सकाळी आम्ही तिघं एकत्र घरी आलो. मामांनी गॅलरीत तोंड धुतलं आणि पुसत होते, तोच मामी त्यांच्यासमोर जाऊन उभी राहिली.

"इतकी वर्सं सांगतलं काऊन नाई?"

"धंद्यातलं कोनी सांगते का? अन् तुले मालूम असंल असंच वाटलं मले."

"मले दाखवा."

"काय?"

"कसं करतात ते," मामी म्हणाली. "मी मारतो, तुमी वाजवा."

मामांनी माझ्याकडे बघितलं, रफीकभाई खाली शटर उघडत होते त्यांच्याकडे बघितलं, आणि टॉवेल खांद्यावर टाकला. मामीनं हात उगारला, पण तो मधेच थांबला, तिला जमेना. "मार ना," मामा म्हणाले, "लागत नाई." तिनं पुन्हा उगारला, डोळे बारीक करून हवेतून फिरवला, आणि खाड्कन आवाज झाला. ती दचकून मागे सरली, स्वतःच्या तळहाताकडे बघत राहिली, आणि मग हसायला लागली. पुन्हा मारली, पुन्हा वाजली. रफीकभाई शटर अर्धवट सोडून वर बघत होते. मामी इतकी हसली की तिला जिन्याच्या पायरीवर बसावं लागलं, आणि मामा मात्र गाल धरून, डोळे पांढरे करून, अजून तसेच उभे होते.